219 सामने आणि गोलच्या रकान्यात भोपळा

बेकी सॉवरब्रन अमेरिकेच्या महिला फुटबॉल संघाकडून 219 आंतरराष्ट्रीय सामने खेळली. त्यात तिचे गोल शून्य. गोलरक्षकांना वगळलं, तर इतके सामने खेळूनही गोलच्या रकान्यात भोपळा असलेली दुसरी खेळाडू त्या संघाच्या इतिहासात नाही. तरीही तिच्या नावावर दोन विश्वचषक, एक ऑलिंपिक सुवर्ण, एक ऑलिंपिक कांस्य, अमेरिकन व्यावसायिक लीगची तीन विजेतेपदं आणि चार वेळा मिळालेला ‘वर्षातली सर्वोत्तम बचावपटू’ हा किताब आहे. पुढे ती राष्ट्रीय संघाची कर्णधारही झाली.

गोल न करता एखादी खेळाडू इतकी मोठी कशी होते, हे समजायला आधी तिचं काम समजून घ्यावं लागतं. सॉवरब्रन सेंटर बॅक होती, म्हणजे बचावफळीच्या मधोमध, आपल्या गोलरक्षकाच्या थोडी पुढे उभी राहणारी खेळाडू. सहसा अशा दोघी असतात. त्यांच्या डाव्या-उजव्या बाजूला एकेक फुल बॅक. प्रतिस्पर्धी संघाची आघाडीची खेळाडू चेंडू घेऊन सुसाट आली, की शेवटची खिंड लढवायची ती याच दोघींनी.

कबड्डीत कोपऱ्यावरच्या खेळाडूने चढाई करणाऱ्याचा घोटा धरला आणि पकड यशस्वी झाली, की गुण मिळतो, फलकावर दिसतो, मैदान दणाणून जातं. फुटबॉलमध्ये बचावाला गुणच नाही. नव्वद मिनिटं चोख काम केलं तर फलकावर समोरच्या संघाच्या नावापुढे शून्य राहतं, एवढीच त्याची खूण. आणि एकदा पाय घसरला तर तेच दृश्य दहा वेळा पुन्हा दाखवलं जातं.

आता थोडं जवळून पाहू. आघाडीची खेळाडू चेंडू घेऊन धावत येते आहे. नवख्या बचावपटूला वाटतं, झेप घ्यावी आणि चेंडू काढून घ्यावा. तीच चूक. झेप हुकली, की ती जमिनीवर आणि समोरची मोकळी. मुरलेली सेंटर बॅक मागे मागे सरकते. शरीर सरळ समोर नाही, जरा तिरकं. वजन पायाच्या चवड्यांवर. दोघींमध्ये दीड-दोन हातांचं अंतर. आपल्या उभं राहण्यातूनच ती समोरचीला सांगत असते की आतून वाट नाही, बाहेरच्या बाजूने जा. बाहेर मैदानाची सीमारेषा असते, आणि ती रेषा बचावपटूची फुकटची साथीदार. तोवर मधल्या फळीतल्या मैत्रिणी धावत परत येतात. मग कधीतरी चेंडू समोरचीच्या पायापासून हातभर जास्त पुढे जातो. पाय घालायचा तो त्याच क्षणी.

सॉवरब्रन संघातली सर्वांत वेगवान धावपटू कधीच नव्हती. उंची साधारण पाच फूट सात इंच, म्हणजे सेंटर बॅकच्या मानाने बेताचीच. तिची खरी ताकद होती आधी ओळखण्यात. पास कुठे जाणार हे हेरून ती दोन पावलं आधीच तिथे पोचलेली असायची. त्यामुळे अनेकदा तो पास दिलाच जायचा नाही. आकडेवारीची गोची इथेच होते. अडवलेले फटके मोजता येतात, काढून घेतलेले चेंडू मोजता येतात. पण ‘इथे ही उभी आहे, इकडे नको’ असं म्हणून न दिलेला पास कोणत्या रकान्यात लिहायचा? माझ्या मते बचावपटूंवर इतकं कमी लिहिलं जातं त्याचं मोठं कारण हेच आहे.

शिवाय बोलणं. पूर्ण बचावफळी एका रेषेत ठेवायची, ठरलेल्या क्षणी सगळ्यांनी मिळून पुढे सरकायचं, म्हणजे समोरची खेळाडू ऑफसाइड अडकते, पास दिला जाताना बचावफळीच्या पलीकडे सापडल्यामुळे नियमाने तिचा खेळ तिथेच थांबतो. एकीने जरी पाऊल मागे ठेवलं तरी सापळा फसतो. म्हणून सेंटर बॅक सामनाभर ओरडत, खुणा करत असते. चारजणी तिच्या दोन डोळ्यांनी पाहतात म्हणा ना.

तिचा जन्म 6 जून 1985 चा, मिसुरी राज्यातल्या सेंट लुईस शहरातला. हे शहर अमेरिकेतल्या फुटबॉलचं जुनं माहेरघर आहे. 1950 च्या विश्वचषकात अमेरिकेच्या पुरुष संघाने इंग्लंडला हरवून जगाला तोंडात बोट घालायला लावलं, तेव्हा त्या अकरांत पाचजण सेंट लुईसचे होते. मुलींच्या फुटबॉलला मात्र खरा आधार मिळाला तो 1972 च्या ‘टायटल नाइन’ या कायद्याने. सरकारी पैसा घेणाऱ्या शिक्षणसंस्थेत मुलगा-मुलगी असा भेद करता येणार नाही, असं हा कायदा सांगतो. तो खेळालाही लागू झाला. विद्यापीठांना मुलींचे संघ उभे करावे लागले, त्यांना शिष्यवृत्त्या द्याव्या लागल्या. अमेरिकेच्या महिला संघाने जगावर अनेक दशकं राज्य केलं, त्याची मुळं या कायद्यात आहेत. सॉवरब्रनही याच वाटेने व्हर्जिनिया विद्यापीठात गेली. तिथे ती इंग्रजी साहित्य शिकली आणि फुटबॉल खेळली.

विद्यापीठापर्यंतची वाट पक्की होती. पुढे रस्ताच नव्हता. अमेरिकेत महिलांची पहिली व्यावसायिक लीग 2001 मध्ये सुरू झाली आणि सप्टेंबर 2003 मध्ये, विश्वचषकाच्या तोंडावर, पैशाअभावी बंद पडली. सॉवरब्रन तेव्हा नुकती विद्यापीठात दाखल झाली होती. म्हणजे जिथे पोचायचं, ते ठिकाणच तिच्या डोळ्यांदेखत नाहीसं झालं.

राष्ट्रीय संघात तिचा पहिला सामना जानेवारी 2008 मध्ये चीनमधल्या ग्वांगझूला, कॅनडाविरुद्ध झाला. त्याच सामन्यात तिचं नाक मोडलं. त्या दौऱ्यानंतर तिला राष्ट्रीय संघात पुन्हा जागा मिळायला दोन वर्षांहून जास्त काळ गेला. दरम्यान 2009 मध्ये दुसरी लीग सुरू झाली. ती वॉशिंग्टन फ्रीडमकडून खेळू लागली, मधल्या काळात नॉर्वेत रोआ या क्लबसाठीही काही सामने खेळून आली. 2011 मध्ये वॉशिंग्टनचा संघ विकला गेला, नाव बदलून फ्लोरिडाला हलला. तीन हंगाम झाले आणि 2012 मध्ये ही लीगही बंद.

त्या 2011 च्या उन्हाळ्यातली एक संधी मात्र सांगायला हवी. जर्मनीतल्या विश्वचषकात सॉवरब्रन राखीव खेळाडू होती. उपांत्यपूर्व फेरीत ब्राझीलविरुद्ध अमेरिकेची बचावपटू रेचल ब्यूलर हिला लाल कार्ड मिळालं. लाल कार्ड म्हणजे पुढचा सामनाही गेला. पुढचा सामना होता फ्रान्सशी, विश्वचषकाची उपांत्य फेरी, आणि प्रशिक्षक पिया सुंधागे यांनी त्यात सॉवरब्रनला उतरवलं. स्पर्धेत एक मिनिटही न खेळलेल्या खेळाडूला थेट उपांत्य सामन्यात! अमेरिका 3-1 ने जिंकली. अंतिम सामन्यात ब्यूलर परतली, सॉवरब्रन पुन्हा बाकावर. जपानने तो सामना पेनल्टींवर जिंकला.

2013 मध्ये तिसरी लीग आली, नॅशनल विमेन्स सॉकर लीग. ही टिकली. कारण समजून घेण्यासारखं आहे. आधीच्या दोन लीगमध्ये सगळा भार क्लबमालकांवर होता. या वेळी अमेरिकेच्या फुटबॉल महासंघाने आपल्या राष्ट्रीय खेळाडूंचा क्लबमधला पगार स्वतः भरला आणि त्या खेळाडू आठ क्लबांमध्ये वाटून दिल्या. कॅनडा आणि मेक्सिकोच्या महासंघांनीही तेच केलं. क्लबांना सर्वांत महाग खेळाडू जवळजवळ फुकट मिळाल्या. बाकीच्या मुलींची अवस्था मात्र बिकट होती. पहिल्या हंगामातला किमान पगार 6,000 डॉलर, तेव्हाच्या दराने सव्वातीन लाख रुपयांच्या आसपास, आणि तोही अमेरिकेतल्या खर्चात. कितीतरी जणी कुणाच्या तरी घरी एक खोली घेऊन राहत, दुसरी नोकरी करत.

सॉवरब्रन आली कॅन्सस सिटीच्या वाट्याला. प्रशिक्षक होते व्लात्को आंदोनोव्स्की. तिथे तिचं बस्तान बसलं. 2014 आणि 2015, लागोपाठ दोन वर्षं संघाने लीग जिंकली, दोन्ही वेळा अंतिम फेरीत सिएटलला हरवून. 2013 पासून सलग तीन वर्षं सर्वोत्तम बचावपटूचा मान तिचाच. आणि 2017 नंतर हा क्लबही गुंडाळला गेला. खेळाडू युटाच्या नव्या संघाकडे गेल्या. तिथे 2019 मध्ये तिने चौथ्यांदा तो मान मिळवला आणि 2020 मध्ये ती पोर्टलंड थॉर्न्सकडे आली.

क्लबांची ही यादी वाचून एखाद्याला वाटेल, किती घरं बदलली हिने. खरं तर घरंच तिच्या पायाखालून सरकत गेली. गुणवत्तेने कळस गाठलेल्या खेळाडूलाही पुढच्या वर्षी आपला क्लब असेल की नाही याची खात्री नसणं, ही त्या पिढीची रोजची परिस्थिती होती.

आता 2015 च्या विश्वचषकाकडे येऊ, कारण तिच्या कामाचं मोजमाप करता येईल अशी ही एकच जागा मला सापडते. कॅनडात झालेल्या या स्पर्धेत पहिल्याच सामन्यात ऑस्ट्रेलियाच्या लिसा डी व्हॅनाने 27 व्या मिनिटाला अमेरिकेवर गोल केला. तो सामना अमेरिकेने 3-1 ने जिंकला, म्हणजे उरलेली 63 मिनिटं गोल नाही. मग स्वीडन, शून्य. नायजेरिया, शून्य. कोलंबिया, चीन, शून्य. उपांत्य फेरीत जर्मनी, तेही शून्य. पाच सामन्यांची 450 मिनिटं. अंतिम सामन्यात जपानने पहिला गोल केला तोही 27 व्या मिनिटाला. बेरीज करा : 63, 450 आणि 27. बरोबर 540 मिनिटं. नऊ तास विश्वचषकात एकाही संघाला अमेरिकेच्या जाळ्यात चेंडू टाकता आला नाही. गोलमध्ये होप सोलो, समोर सॉवरब्रन आणि ज्युली जॉन्स्टन, कडांना अली क्रीगर आणि मेगन क्लिंगेनबर्ग. अंतिम सामना अमेरिकेने 5-2 ने जिंकला. कार्ली लॉइडने पहिल्या सोळा मिनिटांत तीन गोल केले आणि सगळ्या जगाला तेच आठवतं. आठवावंच. पण त्या सामन्यापर्यंत संघाला आणलं ते या नऊ तासांनी.

बचावपटूच्या आयुष्यातली दुसरी बाजू दिसते 2019 मध्ये, फ्रान्समधल्या विश्वचषकात. लिऑन शहर, 2 जुलै, इंग्लंडविरुद्ध उपांत्य सामना. अमेरिका 2-1 ने पुढे. शेवटची दहाएक मिनिटं उरलेली. गोलसमोर चेंडू इंग्लंडच्या एलन व्हाइटकडे येतो, नुसता आत ढकलायचा बाकी. मागून आलेल्या सॉवरब्रनचा पाय तिच्या पायाला लागतो आणि व्हाइट पडते. खेळ चालूच राहतो. मग पंच कानाला हात लावतात, व्हिडिओ पाहायला जातात, आणि परत येऊन पेनल्टी देतात. इतक्या वर्षांची प्रतिष्ठा, आणि एका स्पर्शाने हातातोंडाशी आलेला घास जाण्याची वेळ. इंग्लंडची कर्णधार स्टेफ हॉटन पेनल्टी घेते. गोलरक्षक अलिसा नेहर उजवीकडे पडून चेंडू अडवते, नुसता अडवत नाही, छातीशी धरून ठेवते. अमेरिका अंतिम फेरीत जाते आणि नेदरलँड्सला 2-0 ने हरवते. हा सामना मी जेव्हा जेव्हा पाहते, त्या क्षणी मला सॉवरब्रनचीच धास्ती वाटते. जिची सगळी कारकीर्द चूक न करण्यावर उभी आहे, तिला ती दोन मिनिटं किती लांब वाटली असतील!

मैदानाबाहेरचं तिचं काम थोडं किचकट आहे, पण सोडून देता येणार नाही. मार्च 2016 मध्ये पाच खेळाडूंनी फुटबॉल महासंघाकडून होणाऱ्या वेतनातल्या भेदभावाविरुद्ध सरकारी आयोगाकडे तक्रार केली : अलेक्स मॉर्गन, कार्ली लॉइड, मेगन रपिनो, होप सोलो आणि बेकी सॉवरब्रन. चौघी घराघरांत पोचलेल्या. पाचवी बचावपटू. तीन वर्षांनी, 8 मार्च 2019 ला, 28 खेळाडूंनी थेट न्यायालयात दावा लावला.

वाद दिसतो तितका सरळ नव्हता. पुरुष खेळाडूंना राष्ट्रीय संघाकडून ठरलेला पगार नव्हता, खेळाल त्या सामन्याचे आणि जिंकाल त्या सामन्याचे पैसे. महिलांना कमी बोनस, पण ठरलेला पगार आणि विमा. कारण पुरुषांना क्लबांकडून भरपूर मिळत होतं आणि महिलांच्या लीग तर बंद पडत होत्या, ते वर आलंच आहे. मे 2020 मध्ये न्यायाधीशांनी नेमक्या याच मुद्द्यावर वेतनाचा दावा फेटाळला : तुम्ही वेगळ्या प्रकारचा करार स्वीकारलात, आणि त्या काळात एकूण रक्कम पाहता महिलांना कमी मिळालेलं नाही. खेळाडूंचं उत्तर साधं होतं. आम्ही जास्त सामने जिंकलो म्हणून ती रक्कम वाढली. त्याच विजयांचे पैसे पुरुषांच्या दराने मोजून पाहा.

शिवाय मोठी दरी फिफाच्या बक्षिसांत होती. 2018 चा पुरुष विश्वचषक जिंकणाऱ्या फ्रान्सला 3 कोटी 80 लाख डॉलर मिळाले. पुढच्याच वर्षी महिला विश्वचषक जिंकणाऱ्या अमेरिकेला 40 लाख. या रकमा फिफा ठरवते, देशाचा महासंघ नव्हे. मग महासंघाने ती दरी कशी बुजवायची?

सॉवरब्रन तेव्हा खेळाडूंच्या संघटनेची अध्यक्ष होती. फेब्रुवारी 2022 मध्ये 2 कोटी 40 लाख डॉलरची तडजोड झाली आणि मे महिन्यात नवे करार जाहीर झाले. त्यातली युक्ती अशी : फिफाकडून पुरुषांना आणि महिलांना जे काही मिळेल ते एका हंड्यात टाकायचं, महासंघाने आपला वाटा काढायचा आणि उरलेलं दोन्ही संघांत सारखं वाटायचं. पुरुष खेळाडूंनी याला होकार दिला, हे विसरता कामा नये. त्याच वर्षी कतारमध्ये अमेरिकेचा पुरुष संघ उपउपांत्यपूर्व फेरीत हरला. त्याचे 1 कोटी 30 लाख डॉलर आले. दहा टक्के महासंघाला, उरलेल्याचे दोन भाग. महिलांच्या वाट्याला साडेअठ्ठावन्न लाख. 2015 आणि 2019 चे दोन विश्वचषक जिंकल्याबद्दल फिफाने अमेरिकेला दिलेली बक्षिसं मिळून होतात 60 लाख. यावरून दरी किती खोल होती ते कळतं.

आपल्याकडे ऑक्टोबर 2022 मध्ये बीसीसीआयने महिला आणि पुरुष क्रिकेटपटूंचं सामन्याचं मानधन सारखं केलं. तो चांगला निर्णय होता, पण वार्षिक करारांच्या रकमांतलं अंतर तसंच राहिलं. ‘समान मानधन’ हा शब्द ऐकला की नेमकं काय समान केलं, सामन्याचे पैसे, करार की बक्षीस, हे विचारायची सवय मला अमेरिकेच्या या प्रकरणाने लावली.

त्याच ऑक्टोबरमध्ये अमेरिकेच्या फुटबॉल महासंघाने नेमलेल्या वकील सॅली येट्स यांचा चौकशी अहवाल आला. महिला लीगमध्ये प्रशिक्षकांकडून खेळाडूंचा मानसिक आणि लैंगिक छळ होत होता आणि वरच्या लोकांनी वर्षानुवर्षं डोळेझाक केली, असं त्यात सप्रमाण मांडलं होतं. सॉवरब्रनचा स्वतःचा क्लबही त्यात होता. खेळाडूंचं रक्षण करण्यात वारंवार कमी पडलेल्या प्रत्येक मालकाने आणि अधिकाऱ्याने आता जायला हवं, असं ती जाहीरपणे बोलली. ज्यांच्याकडून पगार घेत होती त्यांच्याबद्दल. त्यानंतर चार आठवड्यांच्या आत, 29 ऑक्टोबरला, त्याच क्लबची जर्सी घालून ती अंतिम सामन्यात उतरली आणि थॉर्न्सने कॅन्सस सिटीच्या नव्या संघाचा 2-0 ने पराभव केला. समोरच्या संघाच्या नावापुढे पुन्हा शून्य.

2023 च्या विश्वचषकाला ती जाऊ शकली नाही. उजव्या पायाच्या पंजाची दुखापत वेळेत बरी झाली नाही. अमेरिका त्या स्पर्धेत स्वीडनकडून पेनल्टींवर हरून लवकर बाहेर पडली. डिसेंबर 2024 मध्ये, वयाच्या 39 व्या वर्षी, सॉवरब्रनने निवृत्ती जाहीर केली. त्याआधी ऑगस्टमध्ये लीगने खेळाडू संघटनेशी नवा करार करून विद्यापीठातून येणाऱ्या मुलींचा ड्राफ्ट रद्द केला होता. ड्राफ्ट म्हणजे क्लबांनी पाळीपाळीने खेळाडू निवडायच्या, खेळाडूने गुमान तिथे जायचं. आता कुठे खेळायचं हे मुलगी स्वतः ठरवते. किमान पगार 2025 साठी 48,500 डॉलर ठरला.

तिच्या निवृत्तीनंतर महिनाभराने, जानेवारी 2025 मध्ये, इंग्लंडच्या चेल्सी क्लबने सॅन दिएगोकडून नेओमी गिरमा हिला घेतलं आणि त्यासाठी सुमारे 11 लाख डॉलर मोजले. ही रक्कम एका क्लबकडून दुसऱ्या क्लबला जाते, खेळाडूचा पगार वेगळा. महिला फुटबॉलमध्ये एका खेळाडूसाठी दहा लाख डॉलरचा टप्पा ओलांडणारा हा पहिला व्यवहार. गिरमा पॅरिस ऑलिंपिकच्या सुवर्णविजेत्या अमेरिकन संघात होती. त्या संघाने सहा सामन्यांत फक्त दोन गोल खाल्ले. ती सेंटर बॅक आहे.